संडास नक्की कधी बुडाला

निएमी गावात इर्या साल्मीला ओळखत नाही असं कुणी नव्हतं, आणि तिची एखादी फिल्म शेवटपर्यंत पाहिली आहे असंही कुणी नव्हतं. गावातली पोरं ती पिवळ्या बसमधून शाळेत पोचवायची. ज्यांना पहिलीत असताना तिने मफलर बांधून दिले होते, त्यांचीच पोरं आता मागच्या बाकावर मारामाऱ्या करत होती. बाहेरच्या कुणी विचारलं की ही बाई करते काय, तर लोक आधी बस सांगायचे. मग जरा थांबून, हसू दाबून म्हणायचे, "आणि फिल्म काढते. पाण्याची."

पाण्याची म्हणजे कसली, हे सांगायला कुणी थांबायचं नाही, कारण सांगण्यासारखं त्यात काही नसायचंच. तिच्या फिल्ममध्ये माणूस नाही, गोष्ट नाही, गाणं नाही, "आता आपण पाहणार आहोत" म्हणणारा जाड आवाजाचा गृहस्थही नाही. पहिली फिल्म कणकेची होती. वेलदोड्याच्या पावाची कणीक भांड्यात ठेवलेली आणि ती फुगतेय, बस्स. दुसरी, शाळेच्या भिंतीवरून सरकणाऱ्या सावलीची. इर्याचं म्हणणं असं, की कणकेचा पाव होतो, दुपारची संध्याकाळ होते, हे आपण येताजाता म्हणतो. पण होते ती कधी? त्या 'कधी'वर बोट ठेवून दाखवा. शाळेने भंगारात काढलेला एक प्रोजेक्टर आणि बाजारात मिळालेला जुना कॅमेरा एवढ्या भांडवलावर ती हे बोट ठेवायला निघाली होती.

हा किडा तिच्या डोक्यात सोडला तो तिच्या बापाने. एइनो साल्मी हिवाळ्यात सुपीरियर सरोवराच्या बर्फाला भोकं पाडून मासे धरायचा. बर्फावर चालताना लोखंडी पहार पुढे आपटायची, आवाज ऐकायचा, मग पाऊल टाकायचं. लहानगी इर्या मागून पावलावर पाऊल टाकत यायची. एकदा तिने विचारलं, "बाबा, हा बर्फ माणूस पेलेल एवढा कधी झाला?"

"ते मला ठाऊक असतं," एइनो म्हणाला, "तर ही पहार कशाला वाहत बसलो असतो?"

दुसरं कुठलं पोर असतं तर हसून विसरलं असतं. ही विसरली नाही. पन्नाशी ओलांडली तरी ते वाक्य चघळत होती. शहरातल्या विद्यापीठात जाऊन एका प्राध्यापकालाही तिने गाठलं. माणूस भला होता. त्याने कागदावर गोळे काढून पाण्याचे कण कसे एकमेकांना धरतात ते समजावलं, आणि शेवटी जरा संकोचून म्हणाला, "बाई, तुमचा प्रश्नच चुकीचा आहे. असा एक क्षण नसतोच."

"प्रश्न चुकीचा असेल, तर तो चुकीचा आहे हे दिसायला तरी हवं," इर्या म्हणाली. "तुम्ही सांगितलंत. मी दाखवीन."

आणि घरी येऊन तिने स्वयंपाकघराच्या खिडकीत कॅमेरा बसवला. समोर सरोवराची, गावाला लागून असलेली खाडी. कॅमेऱ्याला बसच्या वायपरची मोटर जोडली. पावसाची भुरभुर असली की वायपर कसा थांबून थांबून फिरतो, तसा तिचा कॅमेरा थांबून थांबून एकेक चित्र घ्यायचा. पाण्यावर पहिली साय धरल्यापासून पुन्हा मोकळं पाणी दिसेपर्यंत अख्खा हिवाळा, एकाच फिल्ममध्ये, कुठेही कात्री न लावता. बर्फ धरायला किंवा विरायला लागला की ती मोटर जलद करायची, म्हणजे चित्रं जास्त निघून तेवढे दिवस पडद्यावर हळू सरकतील; एरवी सावकाश.

ऐकायला सोपं वाटतं. दहा हिवाळे वाया गेले. एका साली कॅमेऱ्यातलं तेल गोठलं. एका साली उंदरांनी वायर खाल्ली. एका साली खाडी एका काळ्याकुट्ट रात्रीतच गोठून बसली आणि सकाळी इर्या कपाळाला हात लावून खिडकीशी बसली. टोरांटोला तिच्या छोट्या फिल्म अधूनमधून दाखवल्या जायच्या, घडीच्या खुर्च्यांवर बसलेल्या मूठभर मंडळींना. पण त्यांच्याशीही तिचं फारसं जमलं नाही. त्यांना कळायची घाई असायची आणि गावाला संपायची. अनुदान देणाऱ्या कचेरीने एकदा विचारलं, तुमचा प्रेक्षक कोण? तिने लिहिलं, "सध्या सरोवर." अनुदान अर्थातच आलं नाही.

या वर्षी मात्र सगळं जुळून आलं होतं. नोव्हेंबरातली पहिली साय मिळाली, जानेवारीचा पांढराशुभ्र कंटाळा मिळाला, मार्चमधल्या भेगा मिळाल्या. एप्रिल उतरणीला लागला होता. शेवटचं रीळ कॅमेऱ्यात फिरत होतं. इर्या पहाटे बस काढायच्या आधी खिडकीशी जाऊन कॅमेऱ्याला कान लावायची, आणि मोटरची टिक ऐकली की मगच कॉफी प्यायची.

आता संडासाचं सांगायला हवं.

निएमीत वसंत कॅलेंडरवर येत नाही, संडासावर येतो. फेब्रुवारीत गावकरी एक जुना लाकडी संडास, लाल रंग फासून, ओढत खाडीच्या मध्यावर नेऊन उभा करतात. तरंगू नये म्हणून आत एक मोडकी लोखंडी शेगडी ठेवतात. मग ज्याने त्याने सांगायचं, हा कुठल्या दिवशी बुडणार, सकाळी की दुपारी. ज्याचं बरोबर येईल त्याच्या दारात प्रत्येक घराने बर्चच्या लाकडांची एकेक मोळी आणून, फोडून, रचून द्यायची. त्याचा पुढचा हिवाळा फुकटात ऊबदार. शिवाय त्याचं नाव गावच्या हॉलमधल्या पाटीवर रंगवलं जातं, आणि वर्षभर कुणाशीही शिष्टपणाने बोलायचा त्याला अधिकार मिळतो. संडासापासून एक दोर हॉलच्या पडवीतल्या घड्याळापर्यंत येतो. संडास बुडाला की दोर ओढला जातो, पिन निघते, घड्याळ बंद पडतं. वाद नाही, भांडण नाही.

या वर्षी म्हातारा तोइवो रांता वारला. मंगळवारी मयत होतं. अख्खं गाव, इर्यासकट, सकाळीच टेकडीवरच्या चर्चमध्ये, तिथून पलीकडच्या गावच्या दफनभूमीत, तिथून कॉफीला. संध्याकाळी लोक परतले तर खाडीत संडास नव्हता. आणि पडवीतलं घड्याळ मजेत टिकटिक करत होतं. दोर काठाच्या खडकात अडकून तिथेच गोठला होता, आणि मध्येच तुटला होता. संडासाच्या समितीचा अध्यक्ष, दुकानदार राइमो कांगास, याने घड्याळाला अशी एक शिवी दिली, जी मयताला जायचे कपडे अंगावर असताना देऊ नये.

त्या मंगळवारवर नाव लावणारी माणसं दोनच होती. सकाळवर आर्वो निस्कानेन, बोटींची इंजिनं दुरुस्त करणारा, राइमोचा मेहुणा. वीस वर्षं नाव लावत होता आणि एकदाही जिंकला नव्हता. दुपारवर स्टेला रोमान्यूक, शाळेच्या स्वयंपाकघरातून निवृत्त झालेली युक्रेनी बाई, जी दोनदा जिंकली होती आणि ते कुणाला विसरू देत नव्हती. आर्वो म्हणाला सकाळीच बुडाला. स्टेला म्हणाली, तू दफनभूमीत डोळे पुसत होतास की खाडीत डोकावत होतास? दोन दिवसांत गावाचे दोन तट पडले, आणि तिसऱ्या दिवशी कुणाला तरी इर्याची खिडकी आठवली.

आयुष्यात पहिल्यांदा गाव तिच्या फिल्मसाठी तिच्या दारात आलं. राइमो पुढे, आर्वो त्याच्या खांद्यावरून वाकून, स्टेला पायरीवर.

इर्या पाव कापत होती. "या," ती म्हणाली. "कोण गेलं आता?"

"कुणी नाही गं," राइमो म्हणाला. "तुझा तो कॅमेरा. मंगळवारी चालू होता?"

"तो नोव्हेंबरपासून चालू आहे."

एवढं ऐकायचा अवकाश, आर्वो तडक खिडकीशी गेला आणि कॅमेऱ्याच्या कडीला त्याने हात घातला.

"आर्वो!" इर्या ओरडली. हातात पावाची सुरी तशीच होती. "ती कडी उघडलीस तर आधी तुझी बोटं मोडीन. आत उजेड गेला की संपलं. मंगळवार गेला, सोमवार गेला, तू गेलास!"

आर्वोने हात मागे घेतला. सुरीकडे बघून आणखी एक पाऊल मागे घेतलं.

राइमोने समजुतीचा सूर लावला. दुकानात थकबाकीवाल्याशी लावतो तोच. "हे बघ, आम्हाला सगळी नको. मंगळवारचा तुकडा तेवढा काप. मी टोरांटोला पाठवतो, तिथले लोक धुतील, एकेक चित्र मोठं करून देतील. भिंगाखाली बघू, कुठल्या चित्रात संडास आहे आणि कुठल्यात नाही. मिटलं."

"तुकडा नाही."

"अगं, एका दिवसाचा!"

"एका दिवसासाठी मी हिवाळा कापून देऊ?"

"मग काय करणार आहेस त्याचं?" आर्वो म्हणाला. "बघतंय कोण तुझी फिल्म? दूध तापायची वाट बघत बसण्यातला प्रकार. दूध निदान उतू तरी जातं."

हे इर्याच्या जिव्हारी लागलं. ती चिडली, आणि चिडण्यासारखंच होतं. दहा वर्षं ही माणसं त्या खिडकीखालून गेली, एकाने वर मान करून विचारलं नाही की काय दिसतं तुला तिथून. आता एक संडास बुडाला तर लगेच कात्री घेऊन हजर. तुकडा दिला असता तर तिला ठाऊक होतं पुढे काय होणार. तो हातोहात फिरणार, लोक हसणार, आणि तिचा अकरावा हिवाळा कायमचा 'संडासाची फिल्म' होऊन बसणार. उरलेला हिवाळा मधोमध तुटलेला राहणार. असला हिवाळा पुन्हा मिळेल याची खात्री कोण देणार होतं?

तिने सुरी खाली ठेवली. "दाखवीन," ती म्हणाली. "हॉलमध्ये, सगळ्यांना. पहिल्या चित्रापासून शेवटच्या चित्रापर्यंत. मध्ये कुणी उठायचं नाही. मंगळवार हवा असेल तर त्याच्या आधीचे सगळे वार बघावे लागतील. नको असेल तर दोघांनी नाणं उडवा आणि माझ्या पायरीवरून उतरा."

"किती वेळाची आहे?" राइमोने भीत भीत विचारलं.

"पाऊण तास."

"पाऊण तास नुसतं पाणी!" आर्वोने कपाळावर हात मारला.

"तुझ्या लग्नात पाद्री याहून जास्त वेळ बोलला होता, आर्वो," पायरीवरून स्टेला म्हणाली. "आणि तिथेही शेवट सगळ्यांना ठाऊकच होता."

झालं. ठरलं.

खाडी पुरती मोकळी झाली, शेवटचं रीळ कॅमेऱ्यातून निघालं, आणि पुढचे दिवस इर्याच्या घरावरून वास जात नव्हता. फिल्म ती आपल्या सौनात, म्हणजे अंगणातल्या वाफेच्या न्हाणीघरात, धुवायची. सौनाला खिडकी एवढीशी, ती काळ्या कापडाने बंद केली की आत मिट्ट अंधार, आणि ओळीने बादल्या. औषध म्हणजे कॉफी, धुण्याचा सोडा आणि व्हिटॅमिनच्या गोळ्यांचा चुरा. कॉफी झटपटवाली, आणि तीही सगळ्यात भिकार. चांगल्या कॉफीने फिल्म बिघडते, हे एका वर्षी उदार होऊन ती शिकली होती. राइमोच्या दुकानातली ती अख्खी फळी तिने रिकामी केली तेव्हा त्याने विचारलं, "एवढी कोण पिणार?" "तुझा मंगळवार," ती म्हणाली.

अंधारात घड्याळ दिसत नाही, म्हणून ती चर्चमधली स्तोत्रं म्हणून वेळ मोजायची. अमुक कडवी झाली की फिल्म कॉफीतून काढायची, तमुक झाली की पाण्यातून. शेजारच्यांना भिंतीपलीकडून नुसतं गाणं ऐकू यायचं. तोइवोच्या मयतापासून इर्या देवाला लागली, अशी दोन दिवस गावात बातमी होती. आत मात्र बाई कडवी मोजत होती. एक बादली थंड पडली, एक कडवं चुकलं, तर सगळं गेलं. मंगळवारचं रीळ तिने सगळ्यात शेवटी धुतलं, आणि त्या वेळी स्तोत्राचे शब्द दोनदा तिच्या तोंडातून सटकले. ते वाळत टाकून तिने दार उघडलं, उजेडात पहिली हातभर फिल्म धरली, आणि बराच वेळ तिथेच बसून राहिली. चित्रं आली होती.

हॉल गच्च भरला. गावाला फिल्मची नव्हे, भांडणाची ओढ होती. ते इर्यालाही कळत होतं. बायकांनी वेलदोड्याचे पाव आणले होते, कॉफीचं मोठं भांडं चढलं होतं. इर्याने मागच्या बाजूला टेबलावर प्रोजेक्टर मांडला, भिंतीवर चादर ताणली, आणि पुढे येऊन उभी राहिली.

"एक सांगते," ती म्हणाली. "चित्र उलटं दिसेल. बर्फ काळा, पाणी पांढरं. कॉफीत धुतलं की असंच येतं, आणि मी दुसरी प्रत केलेली नाही. ही एवढीच आहे."

"म्हणजे रात्रीची फिल्म आहे?" मागून कुणीतरी विचारलं.

"दिवसाचीच आहे, युहा. उलटी. तुझी बस चुकायची तेव्हा तू सांगायचास तशी कारणं नको सांगूस, गप्प बस आणि बघ."

हशा पिकला. दिवा गेला. प्रोजेक्टर खडखडायला लागला.

पहिली पाच मिनिटं लोकांनी थट्टा केली. "तो बघ, एक मासा शिंकला." "राइमो, तिकिटाचे पैसे परत दे." "तिकीट कुठे होतं?" चादरीवर पांढरं पाणी हलत होतं, आणि त्याच्या कडेला काळं काहीतरी येत होतं, जात होतं, पुन्हा येत होतं. मग थट्टा पातळ झाली. थट्टेलाही काहीतरी घडावं लागतं, आणि इथे घडत होतं ते असं की बोट दाखवेपर्यंत घडून गेलेलं असायचं. पुढच्या रांगेतल्या एका म्हातारीने "आता धरला!" म्हटलं आणि लगेच "नाही, नाही" म्हणून जीभ चावली. जानेवारी आला. चादर काळीभोर झाली, तिच्यावर उलट्या, पांढऱ्या सावल्या सरकत होत्या. त्या काळोखात कुठून तरी संथ घोरणं ऐकू यायला लागलं. तो आर्वो होता. स्टेलाने त्याला कोपर मारलं नाही. झोपू दे, म्हणाली, हरायला ताकद लागते.

फेब्रुवारीत संडास अवतरला तेव्हा टाळ्या पडल्या. आर्वो त्या आवाजाने जागा झाला आणि खुर्चीत सरसावून बसला. मार्च. भेगा. एप्रिल. काळ्या बर्फात पांढरी छिद्रं पडायला लागली. हॉलमध्ये आता पावाचा तुकडा चावल्याचा आवाजही येत नव्हता. इर्या प्रोजेक्टरपाशी उभी होती आणि तिने पाहिलं, की माणसं पुढे झुकली आहेत.

"मंगळवार," ती मोठ्याने म्हणाली. "धक्क्यावरच्या खांबाची सावली सरळ उभी झाली की दुपार समजा. ज्याला ज्या वेळी वाटेल की आता बुडाला, त्याने त्या वेळी हात वर करा."

संडास सकाळीच जरा कलला. एक हात वर गेला. मग तो तसाच, कललेला, किती तरी वेळ. भोवती पाणी आलं, पण पायाखाली काहीतरी होतं. आणखी तीन-चार हात. तो एका बाजूने खचला, दार निम्मं पाण्यात. इकडून सात-आठ, तिकडून दोन. सावली सरळ होत आली. छप्पर आणि वरचा भाग दिसत होता. मग नुसतं छप्पर, हलणारं. हात वर जात होते, काही पुन्हा खाली येत होते, कुणी शेजाऱ्याकडे बघून संकोचाने हात कानामागे नेत होता. सावली खांबापलीकडे गेली तरी हात जातच होते. युहाने आपला हात तीनदा वर केला.

राइमो उठून चादरीपाशी आला. "थांबव! इथेच थांबव, इर्या!"

"बस खाली, तुझं डोकं मध्ये येतंय."

"अगं, थांबव म्हणतो! इथे बोट ठेवतो. या चित्रात ठरवून टाकू!"

"थांबवली तर जळेल," इर्या म्हणाली. "फिल्म फिरतेय म्हणून वाचतेय. दिव्यापुढे एक चित्र थांबलं की तिथेच भाजून त्याचं भोक पडतं."

राइमो लांब ढांगा टाकत मागे आला आणि त्याने प्रोजेक्टरच्या बटणाकडे हात नेला. "एक चित्र जळलं तर काय आभाळ कोसळतं? हजारो आहेत तुझ्याकडे!"

इर्याने बटणावर आपला पंजा ठेवला. "जाळते," ती म्हणाली. आवाज चढला होता, आणि तो दहा वर्षांचा चढलेला होता. "जाळते की! फक्त कुठलं, ते सांग. तो होता त्यातलं, की तो नव्हता त्यातलं? तू समितीचा अध्यक्ष आहेस ना? मग सांग! एक चित्र सांग, ज्याच्या आधी तो होता आणि ज्याच्या नंतर नव्हता, आणि मी तुझ्यादेखत जाळते!"

राइमोने चादरीकडे पाहिलं. छपराची कड दिसत होती, जात होती.

"राइमो," पुढून आवाज आला. आर्वोचा होता. त्याने मागे वळूनही पाहिलं नव्हतं. "हात काढ तिथून. बघू दे."

"अरे, तुझ्यासाठीच करतोय ना मी!"

"बघू दे म्हणतो."

राइमोने हात काढला. तेव्हा लोकांच्या ध्यानात आलं की आर्वोचा हात अजून वर गेलाच नव्हता. सकाळ केव्हाच सरली होती, त्याच्या हिवाळ्याच्या सगळ्या लाकडांसकट, आणि हा माणूस दोन्ही हात मांडीवर ठेवून बसला होता. छप्पर गेलं. हॉलमधल्या जवळजवळ सगळ्यांचे हात एव्हाना वर जाऊन खाली आले होते. पाण्यावर, जिथे संडास होता तिथे, एक वेगळ्या छटेचा डाग राहिला होता. लाल रंग असेल, किंवा खालून आलेली हवा. डाग पसरत होता, विरत होता. तो अजून आहे असं म्हणता येत होतं, आणि नाही असंही. आर्वो पुढे वाकून, डोळे बारीक करून बघत होता. बऱ्याच वेळाने, पार संध्याकाळच्या उजेडात, त्याचा हात हळूच वर गेला.

कुणी हसलं नाही. मागून युहा एवढंच म्हणाला, "आर्वो, तू हरलास रे."

"गप," आर्वो म्हणाला.

त्यानंतर फिल्ममध्ये काही नव्हतं. बर्फ फुटून वाहून गेला, पांढरं पाणी राहिलं, पाणी हलत राहिलं. ज्यासाठी गाव आलं होतं ते संपलं होतं आणि कुणी उठलं नाही. शेवटची शेपटी प्रोजेक्टरमधून फडफडत बाहेर पडली तेव्हा दिवा कुणी लावायचा हेही लोकांना क्षणभर सुचेना.

दिवा लागल्यावर राइमो घसा साफ करत म्हणाला, "मग जिंकलं कोण?"

सगळे स्टेलाकडे बघायला लागले. आर्वोने स्वतःच्या हाताने तिला लाकडं बहाल केली होती. स्टेलाने पर्स उघडली, रुमाल काढला, पुन्हा ठेवला. "मला काय विचारता?" ती म्हणाली. "मी हात वर करायलाच विसरले. लाकडं इथे हॉलच्या चुलीला ठेवा. या बाईने पुन्हा असलं काही दाखवलं तर निदान पाय तरी गरम राहतील."

यावर वाद होईल असं वाटलं होतं. झाला नाही. लोक पावाच्या थाळीकडे वळले, आणि मग जे सुरू झालं ते वेगळंच होतं. एक म्हणत होता छप्पर गेलं तेव्हा. एक म्हणत होती कलला तेव्हाच गेला तो, नंतर नुसता पडायचा राहिला होता. एका म्हातारीला संडासाचं काही नव्हतं, ती नोव्हेंबरवर अडली होती. बर्फ धरला तो आपण पाहिला, असं ती शपथेवर सांगत होती, फक्त कधी ते तिला सांगता येत नव्हतं. इर्या रीळ उलटं गुंडाळत होती आणि एकेक शब्द कानात साठवत होती. इतकी वर्षं तिला वाटत आलं होतं की या गावाला तिची फिल्म कळणार नाही. आता ते तिच्याच प्रश्नावर, तिच्याच जिद्दीने, तोंडात पाव धरून भांडत होते. तिला रडू येईल असं वाटलं, आणि राइमोच्या समोर रडायचं नाही म्हणून ती रिळावर जास्तच वाकली.

आर्वो टेबलापाशी आला. हातात टोपी, ती फिरवतोय.

"इर्या."

"काय?"

"तो जानेवारी." त्याने मान खाजवली. "मला जरा डोळा लागला होता. म्हणजे तो सगळाच गेला माझा. तेवढा परत लावशील? फक्त मला. बाकीच्यांना जाऊ दे."

हे ऐकायला तिने काय दिलं नसतं! दहा हिवाळे दिले होते. समोर आर्वो निस्कानेन उभा होता, लाकडं हरलेला, आणि मागत होता काय, तर जानेवारी. तिच्या तोंडाशी 'हो' आलं होतं. तिने ते गिळलं. रीळ डब्यात ठेवलं आणि झाकण दाबून बसवलं.

"नाही," ती म्हणाली. "प्रत्येक वेळी फिरवली की तिच्यावर ओरखडे पडतात. उगीच घासून घालवायला मी ती केलेली नाही."

"अगं, एकदाच."

"जानेवारी दर वर्षी येतो, आर्वो. तुझ्या खिडकीबाहेरही येतो. या वेळी जागा राहा."